फायरवॉलचे काम हाती घेतल्याने

जिन्याखालच्या त्या राखाडी डब्याला स्वतःची ऑपरेटिंग सिस्टिम आहे हे कळलं, तेव्हा वेलांटीकाका चहाचा कप तोंडाशी नेता नेता थांबले. तसे थांबलेले ते पुढचा सगळा आठवडा, एका अर्थाने, थांबलेलेच होते.

वेलांटीकाकांना दुसरं नाव आहे, पण ते इमारतीत कुणी घेत नाही. काकांची उभी हयात छापखान्यात मुद्रितं तपासण्यात गेली. निवृत्त झाल्यावर छापखाना सुटला, लाल पेन सुटलं नाही. दूधवाल्याचं बिल असो, तळमजल्यावरच्या दाताच्या डॉक्टरांची पाटी असो, लिफ्टमधली सूचना असो, काका थांबून वाचणार आणि वाचून झाल्यावर खिशात हात घालणार. सोसायटीच्या सभेत मागच्या सभेच्या इतिवृत्तातल्या चुका दाखवायला ते एकदा उभे राहिले. सगळे बसलेले आणि एकटेच काका उभे, हे पाहून लोकांनी टाळ्या वाजवून त्यांना सेक्रेटरी करून टाकलं. इतिवृत्तात 'सेक्रेटरी' हा शब्द चुकीचा लिहिला गेला, तो दुरुस्त करण्याच्या नादात नकार द्यायचा राहून गेला.

डब्याची हकिगत अशी. या इमारतीत मोबाईलला रेंज नाही. बोलायचं झालं तर उठून फाटकापर्यंत जावं लागतं, आणि तिथे गाड्यांच्या भोंग्यांत इतकं ओरडून बोलावं लागतं की कुणाच्या सुनेचं काय बिनसलंय ते समोरच्या इस्त्रीवाल्यालाही पाठ असतं. म्हणून सगळ्यांनी मिळून इंटरनेटची एक सामाईक लाईन घेतली होती. दुसऱ्या मजल्यावर तेव्हा एक गृहस्थ राहत. त्यांची कंपनी बुडाली, आणि बुडताना त्यांच्या हाती जे लागलं त्यात हा डबा होता. "ही फायरवॉल आहे," ते म्हणाले, "बाहेरचं वाईटसाईट आत येऊ देत नाही, आणि एकच लाईन सगळ्या घरांना वाटून देते." त्यांनी डबा जिन्याखालच्या ऑफिसात, विजेचे मीटर आणि पंपाचं बटण यांच्या शेजारी बसवला. मग ते गाव सोडून गेले आणि डबा राहिला. त्याचे हिरवे दिवे लुकलुकत असत आणि तो चांगला गरम होत असे. म्हणून वॉचमन रोज दुपारी आपले मोजे धुऊन ते ओलेच त्याच्यावर पसरून ठेवायचा. काकांनी ते मोजे रोज पाहिले होते. त्यांना त्यात काही चूक दिसली नाही, कारण मोज्यांना वेलांट्या नसतात.

हे सगळं असंच चाललं असतं. पण काकूंना नोकरी लागायची वेळ आली.

काकूंनी आयुष्यभर शेजारपाजारच्या मुलांना जेवणाच्या टेबलावर गणित शिकवलं, फुकट. त्यातला एक मुलगा मोठा होऊन कुठे कुठे पोचला आणि त्याने एका ऑनलाइन शाळेला काकूंचं नाव सुचवलं. शाळेच्या मुख्य बाईंचं उत्तर आलं की शुक्रवारी चार वाजता एक चाचणी-वर्ग घ्या, विषय अपूर्णांक, मी स्वतः बसून बघेन. वर्ग पसंत पडला की नोकरी पक्की. अठ्ठावन्नाव्या वर्षी, आयुष्यातली पहिली. काकूंनी याबद्दल फारसं काही बोलून दाखवलं नाही. फक्त कपाटातला ठेवणीतला निळा पडदा काढला, त्याला इस्त्री केली आणि कॉम्प्युटरच्या खुर्चीमागे लावला. पाहुणे आले तरी जो पडदा कधी निघाला नव्हता तो निघालेला पाहून काकांच्या लक्षात आलं की प्रकरण गंभीर आहे.

आणि इंटरनेट रोज दुपारी तीननंतर जायचं. थोडा वेळ मेल्यासारखं पडायचं, मग आपलं आपण उठायचं.

"शुक्रवारी नेमकं तेव्हाच गेलं तर हो?" काकू एकदा म्हणाल्या आणि उत्तराची वाट न बघता भांडी लावायला आत गेल्या. ते वाक्य काकांच्या मनाला लागलं. बायकोने इतक्या वर्षांत त्यांच्याकडे मागितलेल्या गोष्टी त्यांनी आठवून पाहिल्या. फार आठवाव्या लागल्या नाहीत.

काका फाटकाशी गेले आणि त्यांनी इंटरनेट कंपनीला फोन लावला.

"सर, आमच्याकडून लाईन ओके आहे," पलीकडची मुलगी म्हणाली. "तुमचा फायरवॉल लेगसी आहे. फर्मवेअर खूप जुनं दिसतंय."

"तुमचा नव्हे. तुमची," काका म्हणाले. "वॉल म्हणजे भिंत. ती भिंत. म्हणून ती फायरवॉल."

पलीकडून कीबोर्डाची टकटक ऐकू आली.

"ओके सर. ती लेगसी आहे."

"लेगसी म्हणजे?"

"म्हणजे, सर, जुनी झालीय, पण अजून आहे."

काकांना हे थोडं वैयक्तिक वाटलं. पण त्यांनी गिळलं.

आता या घरात कॉम्प्युटर म्हटलं की एकच माणूस. काकांचे साडू. साडूंनी नोकरीत असताना मोठमोठ्या कॉम्प्युटरच्या खोल्यांना एअरकंडिशनर विकले होते. एवढ्या वर्षांच्या गारव्यात आपल्या अंगात कॉम्प्युटर मुरला आहे अशी त्यांची पक्की समजूत होती. काकूंच्या बहिणीचीही होती. काकांची नव्हती, पण काकांना विचारलं कुणी?

"फर्मवेअर अपग्रेड करावं लागणार, साडूराव," चहा ओतता ओतता साडू म्हणाले. "आणि मग ऑपरेटिंग सिस्टिम. क्रम चुकला तर संपलं."

"कसली ऑपरेटिंग सिस्टिम?"

"डब्याची."

इथेच तो कप थांबला. "त्या डब्याला? ज्याच्यावर मोजे वाळतात त्याला?"

"अहो तो कॉम्प्युटरच आहे! पडदा नाही, बटणं नाहीत, म्हणून काय झालं? आत डोकं आहे त्याला. आधी फर्मवेअर जागं होतं, ते हार्डवेअर तपासतं, मग आतल्या मेमरी कार्डावरची ऑपरेटिंग सिस्टिम शोधून तिला उठवतं, म्हणजे बूट करतं."

"बूट," काका क्षीण आवाजात म्हणाले. इतकी वर्षं आपण जिन्याखालून ये-जा करत होतो आणि तिथे अंधारात एक अख्खं डोकं आपल्याकडे बघत होतं, या विचाराने त्यांच्या अंगावर काटा आला. "पण ही दोन वेगळी कशाला? फर्मवेअर काय आणि सिस्टिम काय, एक शब्द पुरला नसता?"

साडूंनी समजावायला सुरुवात केली. त्यात चिप आली, फ्लॅश आली, एका खोलीला किती टनाचा एअरकंडिशनर लागतो तेही आलं. शेवटी काकू स्वयंपाकघरातून म्हणाल्या, "अहो, सोपं आहे. सकाळी तुम्ही उठता ना, डोळे मिटलेले असतात, पायाने चपला शोधता, भिंत चाचपत बाथरूमपर्यंत जाता, ते फर्मवेअर. मग चहा पिता आणि लोकांच्या चुका काढायला बसता, ती ऑपरेटिंग सिस्टिम."

साडू हसले, जरा जास्तच हसले. काकांना मात्र हे एकदम पटलं. काकू मुलांना का आवडतात तेही त्या क्षणी त्यांना नव्याने कळलं, पण साडूंसमोर बोलून दाखवण्यासारखं ते नव्हतं.

पुढचे दिवस काकांनी जे भोगलं ते सांगताना अजूनही त्यांचा आवाज चिरकतो. डबा बनवणारी कंपनी आता राहिली नव्हती, तिला दुसरीने विकत घेतलं होतं, दुसरीला तिसरीने. तिसरीचा माणूस फोनवर म्हणाला की नवं फर्मवेअर फक्त डब्याच्या नोंदणीकृत मालकाला मिळेल. मालक म्हणजे ती बुडालेली कंपनी.

"तिचं ना हरकत पत्र आणा."

"अहो, ती बंद पडली!"

"मग बंद पडल्याचं पत्र आणा."

"पण ते देणार कोण?"

"ऑथोराइज्ड पर्सन," तो माणूस म्हणाला आणि त्याने संगीत लावून दिलं. काका फाटकाशी उन्हात उभं राहून ते संगीत ऐकत राहिले. इस्त्रीवाल्याने त्यांना आत सावलीत यायला सांगितलं. तिथे रेंज नव्हती.

शेजाऱ्यांनी सल्ल्यांची कमतरता पडू दिली नाही. दाताचे डॉक्टर म्हणाले, "जुनं आहे ना? काढून टाका. दुखायला लागेपर्यंत थांबलात की मग मुळापर्यंत जावं लागतं." तिसऱ्या मजल्यावरच्या वहिनी म्हणाल्या की त्यांच्या भावाचा टीव्ही असाच जायचा, त्याने वरून थाप मारली, तेव्हापासून उत्तम चालतो. ही थाप कशी मारायची हे त्यांनी काकांच्या खांद्यावर करूनही दाखवलं.

शेवटी साडूंनीच बाजी मारली. त्यांच्या जुन्या ओळखीत कुणाकडे तरी त्याच जातकुळीचा डबा होता, त्याच्यासाठी उतरवून ठेवलेलं फर्मवेअर त्यांनी पेन ड्राइव्हवर आणलं. पण ते मिळालं गुरुवारी, आणि साडू मोकळे होते शुक्रवारी.

"नेमका वर्गाच्या दिवशीच हात लावायला हवा का?" काकू म्हणाल्या. "थोडा वेळ जातं, परत येतं. मी मुलांना सांगेन, थांबा म्हणून."

"तू निश्चिंत राहा," काका म्हणाले. या वाक्यानंतर आजवर कुणी निश्चिंत राहिल्याचं ऐकिवात नाही.

आणि आता ती सूचना. सगळा अनर्थ तिच्यामुळे झाला, म्हणून जरा मागे जावं लागेल. इमारतीच्या जिन्यालगत एक जाड लाल पाइप वर गेला आहे, आग विझवायच्या पाण्याचा. त्याला एक लाल चक्र आहे. त्या चक्राला सगळी इमारत 'आगीचा वॉल' म्हणते, टाकीखालच्या चक्राला 'पाण्याचा वॉल'. मागे प्लंबरने फलकावर 'वॉल बंद राहील' असं लिहिलं होतं, तेव्हा काकांनी तो कागद काढून प्लंबरला सुनावलं होतं, "वॉल म्हणजे भिंत! भिंत बंद कशी राहील? व्हॉल्व्ह लिही, नाहीतर झडप लिही." प्लंबरने मान डोलावली आणि पुढच्या वेळी पुन्हा 'वॉल' लिहिलं. इमारतीने ती लढाई केव्हाच जिंकली होती. काकांना तेवढं कुणी कळवलं नव्हतं.

गुरुवारी संध्याकाळी काकांनी सुवाच्य अक्षरात लिहिलं: 'सर्व सभासदांस कळविण्यात येते की, शुक्रवारी फायरवॉलचे काम हाती घेतल्याने सकाळपासून इंटरनेट सेवा बंद राहील.' मग त्यांच्यातला मुद्रितशोधक जागा झाला. फायरवॉल असते ती इंटरनेटचीच, मग तोच शब्द परत कशाला? पाल्हाळ! त्यांनी 'इंटरनेट' खोडलं आणि सूचना पुन्हा कोऱ्या कागदावर उतरवली.

काकूंनी वाचली. "कसली सेवा ते कळत नाही यात."

"संदर्भावरून कळतं," काका म्हणाले.

संदर्भावरून कळलंच. सगळ्यांना कळलं. शुक्रवारी सकाळपासून पाणी नाही.

काका आणि साडू सकाळी जिन्याखाली बसले होते. साडूंच्या लॅपटॉपला एक जाडजूड केबल लावून ती डब्याच्या मागे खुपसली होती. काळ्या पडद्यावर पांढरी अक्षरं पळत होती आणि काका ती तपासत होते. 'किती स्पेलिंगं चुकलीत यात,' असं ते पुटपुटले तेव्हा साडूंनी त्यांच्याकडे नुसतं पाहिलं. भिंतीतल्या पाइपांमधून पाण्याचा खळखळाट चालला होता. आज सगळेजण लवकर आंघोळी करताहेत, याचं काकांना कौतुक वाटलं.

वर त्या वेळी हाहाकार होता. वहिनींनी बादल्या भरल्या, टब भरला, कुकर भरले, फुलदाणीसुद्धा भरली. दाताच्या डॉक्टरांनी पेशंटला तोंड उघडं ठेवून बसवलं आणि नळाखाली पिंप लावलं. चौथ्या मजल्यावरच्या एका आजोबांनी, पाणी आणि आग दोन्ही एकदम बंद कसं करतात या काळजीने, फाटकापर्यंत उतरून अग्निशमन केंद्राला फोन करून कळवलं की आमच्या सेक्रेटरीने आगीचा वॉल बंद करायला घेतलाय.

दुपार होत आली. साडूंनी श्वास रोखून एक बटण दाबलं. पडद्यावर आलं की फर्मवेअर लिहिलं जात आहे, वीज बंद करू नका.

"आता याला कुणी हात लावायचा नाही," साडू म्हणाले. "या घडीला त्याला जुनं फर्मवेअर राहिलेलं नाही आणि नवं पुरतं आलेलं नाही. मधल्या मध्ये आहे."

नेमका त्याच वेळी वॉचमन धावत आला. "काका, टाकी पार कोरडी! एवढं पाणी गेलं कुठे?" आणि त्याने सवयीने पंपाचं बटण दाबलं. पंप घरघरला. कोरड्या टाकीसाठी तो जीव तोडून ओढू लागला, ओढता ओढता त्याचा आवाज बदलला, मीटरच्या पेटीत फटकन काहीतरी उडालं आणि जिन्याखाली मिट्ट अंधार झाला.

डब्याचे हिरवे दिवे विझले होते.

वॉचमनने फ्यूज बदलला, वीज आली, डबाही गुरगुरला. पण दिवा लागला तो एकच, नारिंगी, आणि तो तसाच राहिला. साडूंनी घाम पुसला.

"ऑपरेटिंग सिस्टिम ठणठणीत आहे," ते म्हणाले. "कार्डावर सुखरूप आहे. फक्त तिला उठवणारा गेला."

काकांना धरून खाली बसवावं लागलं. आपण सकाळी डोळे मिटून चपला शोधायला पाय खाली सोडतो आहोत आणि खाली पायच नाहीत, असं काहीतरी त्यांच्या डोळ्यांपुढे आलं. आणि लगेच निळा पडदा आला. चार वाजता. आपण केलं काय हे?

ते तसे बसलेले असताना अग्निशमनचा अधिकारी आत आला. खाकी कपडे, हातात फाइल.

"सेक्रेटरी कोण? फायर वॉल बंद ठेवायला परवानगी घेतलीत का?"

"बंद ठेवली नाही हो," काका रडवेल्या स्वरात म्हणाले. "पडली ती."

"पडली?" अधिकाऱ्याने फाइल उघडली. "कुठे पडली? कुणाला लागलं?"

काकांनी डब्याकडे बोट दाखवलं. अधिकारी वाकला, डबा खालून वरून पाहिला, नारिंगी दिव्यात डोकावला, आणि सरळ होऊन म्हणाला, "ही चेष्टा चाललीय का?" मग काकांनी भिंत, झडप, व्हॉल्व्ह आणि वॉल यांचा सगळा इतिहास पहिल्यापासून सांगितला. अधिकाऱ्याने शांतपणे ऐकून घेतलं, बाहेर जाऊन ते लाल चक्र फिरवलं आणि पाइपाला कान लावला. पाइप एकदा खोकला. पाणी आलं नाही.

"टाकी रिकामी! आत्ता आग लागली तर काय कराल?"

आता सगळी इमारत जिन्यात जमली होती. दाताचे डॉक्टर पुढे झाले. "साहेब, प्रत्येक घरात भरलेल्या बादल्या आहेत. पिंपंसुद्धा. आगीसाठी एवढी तयार ही इमारत कधीच नव्हती."

अधिकारी विचारात पडला. त्याच्या नोकरीत असं उत्तर आलं नसावं. शेवटी त्याने हुकूम सोडला की पंप परत लावायचा, आणि टाकी भरेपर्यंत सगळं पाणी खाली जिन्यात, हाताशी आणून ठेवायचं, आणि तोवर तो इथून हलणार नाही. मग बादल्या उतरू लागल्या. लाल, निळ्या, पितळी, कडी तुटलेल्या, नावं घातलेल्या. काकांनीही उतरवल्या. सदरा चिंब झाला तेव्हा तो काढून ठेवला आणि बनियनवर उतरवत राहिले. प्रत्येक खेपेला कुणीतरी म्हणायचंच, "काका, सूचनेत 'इंटरनेट' एवढा एक शब्द घातला असता तर?" काका पुढची बादली उचलायचे. एका शब्दासाठी त्यांनी उभ्या जन्मात लेखकांना रडवलं होतं.

काकू कठड्याशी उभ्या होत्या. रागावल्या असत्या तर बरं झालं असतं. त्या बादल्या मोजत होत्या.

"मी फोन करतो त्या बाईंना," काका म्हणाले. "सगळी चूक माझी आहे असं सांगतो."

"आधी कंपनीच्या त्या मुलीला करा," काकू म्हणाल्या. "लाईन तर चालू आहे ना? मरून पडला तो डबा. मग लाईन थेट लॅपटॉपला लावली तर?"

सगळे साडूंकडे बघू लागले. साडू म्हणाले, "तसं... लागेल. पण एकाच कॉम्प्युटरला. आणि वाटेत फायरवॉल नाही म्हणजे संरक्षण शून्य."

"तासाभरात अपूर्णांक कोण चोरतंय?" काकू म्हणाल्या.

काकांनी फाटकाशी धावत जाऊन विचारलं. मुलगी म्हणाली, हो सर, चालेल. लाईनची केबल जिन्याखालच्या खोलीपुरतीच होती. म्हणून काकूंची खुर्ची तिथे आली, साडूंचा लॅपटॉप स्टुलावर चढला आणि काकांनी वर जाऊन तो निळा पडदा काढून आणला आणि मीटरांच्या पेटीवर खिळ्यांना अडकवला. एका टोकाला तो थोडा तिरका लागला. काकूंनी बघितलं आणि खुर्ची जराशी सरकवून घेतली.

चार वाजले. पडद्यावर मुलांचे चेहरे आले, कोपऱ्यात चष्मा लावलेल्या मुख्य बाई आल्या. काकूंनी कागदाचे गोल कापून आणले होते, अर्धे, पाव, पाऊण. पण जिन्याखालच्या उजेडात ते कुणालाच दिसेनात. "बाई, काळं काळं दिसतंय," एक मुलगा म्हणाला.

काकूंनी कागद खाली ठेवले. इकडे तिकडे पाहिलं. मग लॅपटॉप फिरवून जिन्याकडे केला.

"अहो," त्या म्हणाल्या, "ती लाल बादली उचला बघू."

काकांनी उचलली.

"ही एक बादली. पूर्ण. आता त्यातलं अर्धं पाणी निळीत ओता. मुलांनो, लाल बादलीत किती राहिलं?"

"अर्धं!"

"आता अर्ध्याचं अर्धं."

"पाव!" मुलं ओरडली. मग पाव आणि अर्धं मिळून पाऊण झालं, पाऊण बादलीत पाव घातलं, सव्वा भरायची वेळ आली तेव्हा काकांनी एकाच बादलीत सगळं ओतलं आणि पाणी त्यांच्या पायांवर सांडलं. मुलं खदखदा हसली. "बघा," काकू म्हणाल्या, "सव्वाला दुसरी बादली लागते, हे मोठ्या माणसांनाही कळत नाही." दीड कसं दाखवायचं यावर वहिनी आणि डॉक्टर यांच्यात हलक्या आवाजात वाद झाला. अडीचला अग्निशमनचा अधिकारी स्वतः उठला आणि तिसरी बादली धरून उभा राहिला. वर टाकी भरून वाहिल्याचा आवाज केव्हाच सुरू झाला होता. तो गेला नाही.

वर्ग संपल्यावर वॉचमन हळूच काकांजवळ आला. हातात ओले मोजे.

"काका, आता हे कुठे वाळवू? डबा तर गार पडलाय. रोज दुपारी पसरायचो, मस्त गरम व्हायचा. फारच तापला की आपला आपण बंद पडायचा, गार झाला की परत चालू."

काकांनी साडूंकडे पाहिलं. साडूंनी डब्याच्या वरच्या बारीक बारीक भोकांकडे पाहिलं. उभा जन्म ज्यांनी कॉम्प्युटरच्या खोल्या गार ठेवल्या, ते खूप वेळ त्या भोकांकडे बघत राहिले.

"म्हणजे फर्मवेअर..." काका म्हणाले.

"चांगलं होतं," साडू म्हणाले, आणि सदऱ्याची बटणं लावत घरी गेले.

दुसऱ्या दिवशी मुख्य बाईंचा फोन आला. काकूंनी तो फाटकाशी जाऊन घेतला, म्हणजे तो सगळ्यांनीच घेतला. काकू बराच वेळ नुसतं हो, हो म्हणत होत्या. मग त्यांनी डोळ्यांना पदर लावला. काका धावत गेले.

"घेतलं त्यांनी," काकू म्हणाल्या. "पण एक अट आहे. मुलांना ते बादलीवाले गृहस्थ फार आवडलेत. बनियनमधले. ते प्रत्येक वर्गाला हवेत."

काका जागच्या जागी थिजले. "बनियनमधले? म्हणजे... ते दिसत होतं?"

"मी लॅपटॉप फिरवला ना," काकू म्हणाल्या. "सगळं दिसत होतं हो. पोटसुद्धा."

इस्त्रीवाला दुकानात तोंड फिरवून हसत होता. काकांना भूमी दुभंगून पोटात घेईल तर बरं असं झालं. पण काकूंचे डोळे ओले होते आणि त्या हसत होत्या, एवढ्या हसताना त्यांनी काकूंना खूप वर्षांत पाहिलं नव्हतं. तेव्हा त्यांनी पोट थोडं आत ओढलं आणि अट मान्य केली.

नवा डबा आला तेव्हा काकांनी पुन्हा सूचना लिहिली. या खेपेला एकही शब्द खोडला नाही. 'रविवारी इंटरनेटचा नवा डबा बसविण्याचे काम हाती घेतल्याने केवळ इंटरनेट सेवा बंद राहील. इंटरनेटव्यतिरिक्त काहीही बंद राहणार नाही. पाण्याशी या कामाचा कोणताही संबंध नाही.' त्यांनी ती फलकावर लावली, दोनदा वाचली. पाल्हाळिक होती, पण निर्दोष होती.

वहिनी वरून येत होत्या. त्या थांबल्या, सूचनेकडे बघितलं, 'पाण्या'पर्यंत पोचल्या आणि तशाच मागे वळून वर गेल्या. थोड्याच वेळात भिंतीतले पाइप खळखळू लागले. एका मजल्यावर, मग दुसऱ्या, मग सगळ्या.

काका हताश होऊन घरी आले. "अगं, सगळे परत पाणी भरताहेत! आता काय करू?"

काकू सोमवारच्या वर्गाची तयारी करत होत्या. त्यांनी मान वर केली नाही.

"मग आपल्याही दोन भरून ठेवा," त्या म्हणाल्या. "सोमवारी दशांश आहे."